बोंडू आणि बी, एकाच पेल्यात

बेळगावकरांना गोवा काही नवा नाही. कुणाचे कुलदैवत तिकडे, कुणाची लेक तिकडे दिलेली, कुणाचा भाजीचा ट्रक रोज रात्री घाट उतरतो. तरीही आपला गोवा बहुधा ठरलेलाच असतो. मंगेशी, शांतादुर्गा, म्हापशाचा शुक्रवारचा बाजार, पणजी, आणि मुलांनी हट्ट धरला तर कळंगुटचा समुद्र. जांबोटी, कणकुंबी, चोर्ला करत घाट उतरल्यावर लागणारी केरी, साखळी, डिचोली ही गावे आपण गाडीच्या खिडकीतूनच बघतो. आणि पेडणे तालुका म्हणजे सावंतवाडीकडे जाताना लागणारा रस्ता, एवढीच आपली ओळख.

या दोन तालुक्यांत एकदा एप्रिल महिन्यात मुद्दाम जावे. तेव्हा समुद्रावर ऊन मी म्हणत असते आणि हॉटेले थोडी रिकामी होऊ लागलेली असतात. पण डोंगरउतारांवर वर्षातला सगळ्यात गडबडीचा हंगाम चालू असतो. घाट उतरून अंजुणे धरण मागे टाकले, गाडीच्या काचा खाली केल्या, की एक गोडसर, आंबूस, नाकात शिरून बसणारा वास येतो. पहिल्यांदा जाणाऱ्याला वाटते, कुठे तरी फळांची गाडी उलटली असावी. तो वास काजूच्या बोंडूंचा.

माझी आतेबहीण डिचोली तालुक्यात दिलेली आहे. माझे सासर कन्नड. त्यामुळे आमच्या गाडीत मराठी, कन्नड आणि साखळी ओलांडल्यावर कोकणी अशा तीन भाषा असतात. गेल्या हंगामात सासूबाईंना मयेचा तलाव आणि नार्व्याचे सप्तकोटेश्वराचे देऊळ दाखवावे म्हणून आम्ही चार दिवस ताईकडे गेलो होतो. देवदर्शन झालेच, पण परत येताना सर्वांच्या तोंडी काजूच होता.

झाड एक, नावे अनेक

सासूबाईंनी डोंगरावरची लाल-पिवळी फळे बघून लगेच ओळखले, "गेरु हण्णु!" भावोजी म्हणाले, "बोंडू." कोकणात काही भागांत याला मुरटेही म्हणतात. आतल्या गराला कन्नडमध्ये गोडंबी म्हणतात. आपल्या मराठीत गोडंबी म्हटले की बिब्ब्याच्या बीतला गर, जो बाळंतिणीच्या लाडवांत पडतो. या दोन शब्दांचा घोळ सीमाभागातल्या प्रत्येक स्वयंपाकघरात केव्हा ना केव्हा होतोच. गंमत अशी, की बिब्बा आणि काजू ही दोन्ही झाडे एकाच कुळातली. दोघांच्याही टरफलात त्वचा भाजून काढणारे तेल असते आणि दोघांच्याही पोटात गोड गर. तेव्हा शब्दाने कूस बदलली तरी घराणे सोडलेले नाही.

काजू हा नावासकट पाहुणा आहे. सोळाव्या शतकात पोर्तुगीजांनी तो ब्राझीलहून आणला. तिथल्या तुपी लोकांच्या भाषेतला 'अकाजू' पोर्तुगीजांच्या तोंडी 'काजू' झाला आणि आपण तो तसाच उचलला. जांभ्या दगडाच्या, पाणी न धरणाऱ्या उतारांवर जिथे भात होत नाही तिथे हे झाड निगुतीवाचून वाढते. पेडणे, डिचोली आणि सत्तरी या तालुक्यांत असे उतार भरपूर. हा भाग पोर्तुगीजांकडे उशिरा, म्हणजे अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात गेला. त्याआधी तो सावंतवाडीकर भोसल्यांच्या ताब्यात होता. गोव्यात याला नव्या काबिजादी म्हणतात. इथली देवळे, इथल्या जत्रा, देवळातले मराठी कीर्तन हे सगळे आपल्याला ओळखीचे वाटते ते त्यामुळेच. नार्व्याचे देऊळ शिवाजी महाराजांनी १६६८ साली पुन्हा उभारले. अलीकडे त्याची डागडुजी होऊन २०२३ साली ते पुन्हा भाविकांसाठी खुले झाले.

आता या झाडाची खरी गोष्ट. आपण ज्याला काजूचे फळ म्हणतो तो बोंडू म्हणजे वनस्पतिशास्त्राच्या हिशेबाने फुगलेला देठ. खरे फळ म्हणजे खाली लोंबणारी ती राखी रंगाची बी. झाडाखाली दोघे एकत्र पडतात आणि तिथेच त्यांची ताटातूट होते. बी वाळते, पोत्यात भरते, कारखान्यात जाते. तिथे भाजून, फोडून, सोलून तिची प्रतवारी होते. दुकानात आपण डब्ल्यू ३२० असे लिहिलेला काजू घेतो, त्याचा अर्थ एका पौंडात, म्हणजे सुमारे साडेचारशे ग्रॅममध्ये, तीनशे ते तीनशे वीस काजूगर बसतात. असा हा काजू मुंबईला जातो, दुबईला जातो. बोंडू मात्र एका दिवसात मऊ पडतो, दुसऱ्या दिवशी नासतो. त्यामुळे तो गाव सोडून कुठेही जात नाही.

आपल्याकडे खानापूर, चंदगड, आजरा, किंवा गोव्याला लागून असलेल्या दोडामार्ग, सावंतवाडी भागात काजू काही कमी नाही. पण आपण बी काढून घेतो आणि बोंडूंचा मोठा भाग झाडाखाली कुजतो, नाही तर गुरांपुढे जातो. या फळात संत्र्यापेक्षा कितीतरी जास्त क जीवनसत्त्व असते हे शाळेतल्या मुलांनाही सांगून ठेवावे असे आहे. गोव्याने या टाकाऊ मालाचा वेगळा संसार मांडला. त्या संसाराचे नाव हुर्राक आणि फेणी.

मामांच्या भट्टीवर

भावोजींचे आजोळ पेडणे तालुक्यात. अस्नोडा, थिवी, कोलवाळ करत शापोरा नदी ओलांडली की धारगळ लागते आणि पेडणे सुरू होते. शापोरा म्हणजे आपल्या चंदगड-दोडामार्गाकडून येणारी तिळारीच. खाली आल्यावर तिने नाव बदलले आहे. भावोजींच्या मामांची काजूची टेकडी मोप्याच्या पठारापासून फार लांब नाही. मामा सत्तरी ओलांडलेले आहेत. कमरेला पंचा, डोक्याला टॉवेल, आणि हातात टोकाला खिळा बसवलेली काठी. वाकायला नको म्हणून त्या खिळ्याने बोंडू टोचून टोपलीत टाकायचा.

आमच्या धाकट्याने फांदीवरचा एक तांबडाबुंद बोंडू ओढला, तर मामा म्हणाले, "झाडावयलो काडचो न्हय, बाबा. पडटा तोच पिकिल्लो." पिकलेला बोंडू आपण होऊन पडतो, न पडलेल्यात गोडी उतरलेली नसते, हे त्यामागचे कारण. म्हणजे या धंद्याचे वेळापत्रक झाड ठरवते, माणूस नाही. सकाळी लवकर उठून रात्रभरात पडलेले वेचायचे, हाताने पिळा देऊन बी वेगळी करायची, आणि ऊन चढायच्या आत बोंडू भट्टीवर पोचवायचे.

भट्टी म्हणजे माडाच्या झावळ्यांनी शाकारलेली एक उघडी झोपडी. एका बाजूला जांभ्या दगडात कोरलेले उथळ टाके. त्यात बोंडू ओतून पायाने तुडवतात. आता बहुतेक ठिकाणी पिळायचे यंत्र आले आहे. मामांकडेही आहे, पण थोडा माल ते अजून तुडवूनच घेतात. पहिला रस निघाल्यावर उरलेल्या चोथ्याची रास वेलीने घट्ट आवळून वर जड दगड ठेवतात. त्यातून थेंब थेंब झिरपतो तो नीरो. थंडगार नीरो भट्टीवर आलेल्या पाहुण्याला पेलाभर मिळतो. तो दारू नव्हे, निव्वळ फळाचा रस. सासूबाईंनी दोन पेले घेतले.

बाकीचा रस मोठ्या भांड्यांत साधारण तीन दिवस आंबतो. त्यात खमीर, गूळ, नवसागर असे काहीही घालत नाहीत. फळावरचे आणि हवेतले सूक्ष्म जीवच ते काम करतात. मग तो रस तांब्याच्या भांड्यात तापवायचा. त्या भांड्याला भान म्हणतात. वाफ नळीतून दुसऱ्या भांड्यात जाते, ते गार पाण्यात बसवलेले असते. त्याचे नाव लावणी. आपल्याकडची तमाशातली लावणी ऐकलेल्यांना हसू येते, पण भट्टीवर या लावणीकडे लक्ष द्यायला एक माणूस सारखा लागतो. पाणी गरम झाले, की वाफ नीट उतरत नाही.

पहिल्या उतारीत मिळतो तो हुर्राक. तो सौम्य, फळाच्या वासाचा, आणि अल्पायुषी. काही आठवड्यांत त्याची चव उतरते, म्हणून तो हंगामात आणि गोव्यातच प्यायचा. हुर्राक पुन्हा आंबलेल्या रसाबरोबर भानात घालून उतरवला, की फेणी. तिची ताकद एकोणीस-वीस ग्राव, म्हणजे सुमारे ४२ टक्के मद्यार्क. चांगली फेणी पेल्यात ओतताना बारीक बुडबुड्यांचा फेस धरते. फेण या शब्दावरूनच तिला फेणी म्हणतात. फेणी मात्र वर्षानुवर्षे टिकते.

एक गोष्ट इथेच सांगितलेली बरी. हे वाचून कुणी घरी कुकर आणि नळी जोडण्याच्या भानगडीत पडू नये. गोव्यातही भट्टीला परवाना लागतो. काजूच्या बागांचे विभाग करून अबकारी खाते भट्टीच्या हक्कांची पावणी करते. पावणी म्हणजे लिलाव. आपल्या बाजूला तर घरी दारू गाळणे हा सरळसरळ गुन्हा आहे. शिवाय कुठली धार टाकायची आणि कुठली ठेवायची हे कळायला मामांसारखी पन्नास वर्षे जावी लागतात.

माय तायचा गोव्यातला अवतार

गोव्यातल्या घरांत हुर्राक पिण्याची रीत साधी आहे. हुर्राक, लिंबाचा रस, मीठ, उभी चिरलेली हिरवी मिरची, बर्फ, आणि वर लिम्का. फेणीही अशीच घेतात, कुणी नुसत्या सोड्याबरोबर. पण त्या दिवशी संध्याकाळी मामांच्या अंगणात ताईच्या मुलाने, म्हणजे माझ्या भाच्याने, वेगळेच काही मांडले.

भाचा मांद्रे भागातल्या एका हॉटेलात बारवर काम करतो. तिथे माय ताय नावाचे कॉकटेल पुष्कळ खपते. व्हिक्टर बर्जरॉन नावाच्या अमेरिकन हॉटेलवाल्याने, ज्याला लोक ट्रेडर व्हिक म्हणत, ते १९४४ साली कॅलिफोर्नियातल्या ओकलंडमध्ये तयार केले. नाव ताहिती बेटावरच्या भाषेतले. त्या भाषेत 'माइताइ' म्हणजे छान. त्यात रम, लिंबाचा रस, संत्र्याच्या सालीपासून केलेले गोड मद्य आणि बदामाचे सरबत पडते. या सरबताला फ्रेंच लोक ओर्झा म्हणतात. ते मुळात जवाचे सरबत. पुढे जव गेले, बदाम राहिले, नाव तेच चालू आहे.

भाच्याचे म्हणणे असे, की हॉटेलात हे बदामाचे सरबत परदेशातून बाटल्यांत येते आणि चांगले महाग पडते. बाटली उघडताना समोर खिडकीतून काजूची टेकडी दिसते. मग बदामाऐवजी काजू का नको? आणि रमऐवजी त्याच झाडाची फेणी का नको? हॉटेलात गिऱ्हाईक फेणीचा वास घेऊन नाक मुरडते, म्हणून त्याने हा प्रयोग घरी केला. मला यातली जी गोष्ट आवडली ती अशी. सकाळी झाडाखाली बोंडू आणि बी यांची ताटातूट झालेली मी डोळ्यांनी बघितली होती. त्या पेल्यात दोघे परत भेटत होते.

कृती त्याने सांगितली तशी देते.

काजूचे सरबत: तुकडा काजू १०० ग्रॅम घ्यावा. अख्खा, महाग काजू मुळीच लागत नाही. कढईत मंद आचेवर अगदी फिकट बदामी होईपर्यंत भाजावा. खमंगपणा यातच आहे, कच्च्या काजूचे सरबत नुसते दुधासारखे लागते. गार झाल्यावर २५० मिली पाण्यात दोन-तीन तास भिजवून त्याच पाण्यासकट मिक्सरवर गंधासारखे वाटावे आणि मलमलच्या फडक्यातून पिळून गाळावे. साधारण २०० मिली काजूचे दूध निघते. त्यात २०० ग्रॅम साखर घालून कोमट करावे आणि साखर विरघळेपर्यंत ढवळावे. उकळी आणू नये, नाही तर दूध फुटल्यासारखे दिसते. उतरवल्यावर एका कागदी लिंबाची फक्त हिरवी साल किसून घालावी, पांढरा भाग कडू लागतो. चिमूटभर मीठ, चार-पाच थेंब गुलाबपाणी. बाटलीत भरून फ्रिजमध्ये ठेवले तर आठवडाभर टिकते. वर साय धरल्यासारखे होते, घेताना बाटली हलवावी. उरलेला चोथा टाकू नये, त्याची बर्फी किंवा भाजीचे वाटण होते.

पेय: एका माणसाला फेणी ४५ मिली, लिंबाचा रस २० मिली, काजूचे सरबत २० मिली, संत्र्याचा रस १५ मिली. घट्ट झाकणाच्या स्टीलच्या डब्यात सहा-सात बर्फाचे खडे घालून पंधरा-वीस अंक मोजेपर्यंत जोरात हलवावे आणि चहाच्या गाळणीने पेल्यात गाळावे. वर लिंबाच्या सालीची चकती पिळून टाकावी आणि भाजलेल्या काजूची चिमूटभर भरड. लिंबाने काजूचे दूध हळूहळू फुटते, म्हणून लिंबू शेवटी घालावे आणि केलेले लगेच प्यावे. फेणीऐवजी हुर्राक असेल तर ७५ मिली घ्यावा, संत्रे वगळावे आणि एक हिरवी मिरची चिरून सोडावी.

चव कशी, तर आधी लिंबू, मग भाजलेल्या काजूचा खमंगपणा, आणि घोट उतरल्यावर मागून येणारा बोंडूचा वास. फेणीचा जो उग्रपणा नवख्याला नकोसा होतो तो काजूच्या स्निग्धपणात बोथट होतो, पण जात नाही. पहिल्या खेपेला भाच्याने सरबत ३० मिली घातले होते. मामांनी घोट घेतला, पेला उजेडात धरून बघितला आणि विचारले, "बरें आसा. पूण फेणी खंय गेली?" दुसऱ्या खेपेला सरबत वीसवर आले आणि मामांनी मान हलवली. घरात ज्यांनी घ्यायची त्यांनी एकेकच घेतली. गाडी चालवणाऱ्याने काहीच घेतले नाही. काजूची ॲलर्जी असणाऱ्यांनी हे सरबत वर्ज्य समजावे हे वेगळे सांगायला नको.

सासूबाईंचे गोडंबी पानक

सासूबाई पिणाऱ्यातल्या नव्हेत. पण बाजूला बसून फक्त बघणे हेही त्यांच्या स्वभावात नाही. त्यांनी ते सरबत चमच्याने चाखले आणि भाच्याकडून एक रिकामा तांब्या मागून घेतला. सरबत, लिंबू, थंड पाणी, वेलदोड्याची पूड, मीठ. एक घोट घेऊन म्हणाल्या, "इदु नम्म पानकाने!" हे तर आपले पानकच की. रामनवमीला कर्नाटकात घरोघरी गूळ, लिंबू, सुंठ, वेलदोडा घालून पानक करतात. आपल्या पन्ह्याची ती सख्खी बहीण. रामनवमी नेमकी काजूच्या हंगामात येते, हे त्यांच्याच लक्षात आले.

बेळगावला परत आल्यावर त्यांनी हे पानक पुढे नेले. खानापूरच्या बाजारात बोंडू मिळाले, ते धुऊन, ठेचून रस काढला. बोंडूचा रस घशाला खवखवतो, कारण त्यात तुरटपणा फार. त्यावर कोकणातला जुना उपाय तांदळाच्या पेजेचा. एक लिटर रसात वाटीभर पातळ, गार पेज घालून ढवळायचे आणि तासभर तसेच ठेवायचे. तुरट भाग पेजेला चिकटून खाली बसतो. वरचा नितळ रस अलगद ओतून घ्यायचा. हा रस अर्धा पेला, काजूचे सरबत दोन मोठे चमचे, एका लिंबाचा रस, गार पाणी आणि वेलदोडा. साखरेचे सरबत नको असेल तर काजूच्या दुधात गूळ विरघळवावा, रंग तांबूस येतो आणि चव जास्त खोल होते. रस त्याच दिवशी संपवावा.

यात दारूचा थेंब नाही, मुलांना देता येते, आणि बोंडू व बी दोन्ही एकाच पेल्यात आहेत. ज्या फळाला आपण आजवर गुरांपुढे टाकत आलो ते घरच्या पाहुण्यापुढे ठेवता येते, एवढे जरी या प्रवासातून मिळाले तरी पेट्रोलचे पैसे वसूल झाले असे मला वाटते.

टेकडी राहिली तर

त्या संध्याकाळी अंगणात बसले असताना दर थोड्या वेळाने डोक्यावरून विमान जात होते. मोप्याच्या पठारावर झालेल्या मनोहर आंतरराष्ट्रीय विमानतळाचे उद्घाटन ११ डिसेंबर २०२२ रोजी झाले आणि ५ जानेवारी २०२३ पासून तिथून विमाने उडू लागली. त्यासाठी पठारावरची हजारो झाडे तोडली गेली, त्यात काजूही होते. पेडण्यातल्या जमिनींचे भाव चढले, रस्ते रुंद झाले. डिचोलीकडे हीच गोष्ट आधी खाणींनी केली होती. लोहखनिजासाठी टेकड्याच्या टेकड्या पोखरल्या गेल्या. २०१२ साली खाणी बंद पडल्या, मध्ये सुरू झाल्या, २०१८ मध्ये पुन्हा थांबल्या. ट्रकच्या हप्त्यांनी घरे बुडाली. अलीकडे लिलाव होऊन काही खाणी परत चालू झाल्या आहेत.

याचा अर्थ विमानतळ किंवा खाण वाईटच, असे म्हणण्याचा मला अधिकार नाही. भाच्याला नोकरी आहे ती पाहुणे विमानाने येतात म्हणून. ताईच्या घरातला एक दीर खाणीवरच्या पगारावर शिकला. पण मामांचा हिशेब वेगळा आहे. त्यांच्या टेकडीला लागून असलेल्या दोन टेकड्या विकल्या गेल्या, तिथे आता कुंपण आहे. वेचायला पूर्वी घरच्या आणि शेजारच्या बायका येत. आता मजूर शोधावे लागतात, आणि त्यांना द्यायची मजुरी बीच्या भावातून निघतेच असे नाही. बीचा भाव पडला की सरकार आधारभूत किंमत देते, पण बोंडूला भाव असतो तो भट्टी चालू असेल तरच. भट्टी बंद पडली, की गोव्यातही बोंडू आपल्याकडच्यासारखाच झाडाखाली कुजणार.

फेणीला मान मिळाला नाही असे नाही. २००९ साली तिला भौगोलिक निर्देशांक मिळाला. म्हणजे गोव्याबाहेर कुणी केलेल्या दारूला फेणी हे नाव लावता येत नाही. असा निर्देशांक मिळालेले हे भारतातले पहिलेच मद्य. २०१६ मध्ये गोवा सरकारने तिला देशी दारूच्या यादीतून काढून राज्याचे वारसा पेय ठरवले आणि २०२१ मध्ये फेणीसाठी वेगळे धोरण आणले. चांगल्या बाटल्या, चांगली लेबले बाजारात दिसू लागली. परंतु लेबलावर टेकडीचे चित्र असले तरी बोंडू वेचायला पहाटे उठणारा माणूस चित्रातून येत नाही.

मी मामांना विचारले, "पुढच्या वर्षी पावणीला बसणार का?" ते म्हणाले, गुडघे काय म्हणतात ते बघू. भाच्याने तेवढ्यात सांगून टाकले, की एप्रिलमध्ये हॉटेलात गर्दी कमी असते, तो आठवड्यातले दोन दिवस येईल. मामा त्यावर काही बोलले नाहीत. दोन दिवसांत भट्टी चालत नाही हे त्यांना आणि त्यालाही ठाऊक आहे. पण पेला त्यांनी पुन्हा पुढे केला, आणि रस तीन दिवस का आंबवायचा, चारच का नाही, हे ते त्याला समजावू लागले. ते बोलणे जेवणाची पाने मांडेपर्यंत चालले होते.

जाण्याआधी

हंगाम फेब्रुवारीअखेरीस सुरू होतो आणि मेच्या मध्यापर्यंत चालतो. एप्रिल सगळ्यात चांगला. बेळगावहून सकाळी सहाला निघाले तर चोर्ला मार्गे नाश्त्याला साखळीत पोचता येते. जवळच हरवळेचा धबधबा आणि कोरीव लेणी आहेत, मात्र उन्हाळ्यात धबधबा रोडावलेला असतो. दुपारी मयेच्या तलावावर, संध्याकाळी नार्व्याच्या देवळात, आणि दुसरा दिवस पेडण्यासाठी राखावा. पेडण्याचे भगवतीचे देऊळ आणि त्यासमोरचे दगडी हत्ती मुलांना फार आवडतात.

भट्टी बघायची असेल तर मालकाला विचारून जावे. कामाच्या घाईत असला तरी तो नीरो दिल्याशिवाय सोडत नाही. रस्त्याकडेच्या झाडाखाली पडलेले बोंडू दिसले म्हणून पिशवी भरू नये, ते कुणाच्या तरी पावणीतले असतात. फेणी बेळगावला आणायची तर परवाना लागतो. नियम आणि प्रमाण बदलत असतात, म्हणून परवानाधारक दुकानात आधी चौकशी करावी आणि कागद बरोबर ठेवावा. तपासणी नाक्यावर कुटुंबासमोर डिकी उघडून उभे राहण्याची हौस कुणालाच नसते. हुर्राकच्या बाबतीत तर तोही प्रश्न नाही. तो तिथेच प्यावा आणि तिथेच ठेवून यावा.

बरोबर आणायला तुकडा काजू मात्र विसरू नये. परतीच्या वाटेवर साखळीच्या बाजारात तो अख्ख्यापेक्षा बराच स्वस्त मिळतो, आणि रामनवमीच्या गोडंबी पानकाला तोच लागतो.